अन्नपूर्णा विरुद्ध पुरुषोत्तम हर्डीकर

पुरुषोत्तम हर्डीकरला जन्मात कुणी भित्रा म्हटलं नव्हतं, कारण तो घाबरलाय हे लोकांच्या लक्षात येईपर्यंत तो तिथून निघून गेलेला असे. रीडिंगला आल्यावर मात्र ही सोय बंद झाली. दोन हजार सातच्या मे महिन्यात त्याने इंग्लंडात कायम राहण्याचा अर्ज केला. अर्जाबरोबर त्याचा आणि मनीषाचा असे दोन्ही पासपोर्ट गेले, आणि पासपोर्ट हाताशी नसलेला माणूस पळून जाणार तरी कुठे? तेव्हापासून तो जागच्या जागी भिऊ लागला. रिकाम्या रस्त्यावरही सिग्नलचा हिरवा माणूस दिसल्याशिवाय पाऊल टाकेना. दह्याचा डबा कचऱ्याच्या चुकीच्या रंगाच्या बिनमध्ये गेला म्हणून भर पावसात पायजम्यावर बाहेर जाऊन त्याने तो उपसून काढला. अर्जात चारित्र्याबद्दल प्रश्न होता. पुरुषोत्तमचं चारित्र्य इतकं स्वच्छ होतं की त्यावर पहिला डाग कधी पडतो, या काळजीनेच तो अर्धा झाला होता.

जूनमध्ये तिकडे मिरजेत मनीषाची आई वारली. फोन आला तेव्हा पुरुषोत्तमने आधी बायकोला पाणी दिलं आणि मग माधव केळशीकरला फोन लावला. माधव दोन गल्ल्या सोडून राहायचा. त्याला परमनंट राहण्याची परवानगी मिळून दोन वर्षं झाली होती, आणि तेवढ्या भांडवलावर तो साऱ्या मराठी मंडळाचा बिनपदवीचा बॅरिस्टर झाला होता.

"पासपोर्ट परत मागितलेस की ॲप्लिकेशन विथड्रॉन धरतात, पुरू," माधव म्हणाला. "परत झीरोपासून. आणि दरम्यान रूल बदलला तर बसा बोंबलत."

पुरुषोत्तमने हे सगळं मनीषाला हळू आवाजात, शक्य तितकं मऊ करून सांगितलं. तिने ऐकून घेतलं आणि म्हणाली, "ठीक आहे." ती गेली नाही. मिरजेत अप्पा, म्हणजे तिचे वडील, एकटे राहिले. बायको 'ठीक आहे' म्हणाली की विषय मिटला असं मानणारे नवरे जगात पुष्कळ आहेत, आणि पुरुषोत्तमने त्या पंथाची दीक्षा लग्नातच घेतली होती.

सप्टेंबरात त्यांनी भाड्याचं घर बदललं. सामान बांधताना वरवंटा आणि देव एकाच खोक्यात गेले. नव्या घरी खोकं उघडलं तर अन्नपूर्णेचा उजवा हात पळीसकट मोडलेला. ही अन्नपूर्णा मनीषाला तिच्या आईने लग्नात दिलेली, मुठीएवढी, पितळेची, मांडी घालून बसलेली. लेकीच्या घरी अन्नाला कधी तोटा पडू नये म्हणून आया देतात तशीच. मनीषा तो हात आणि ती मूर्ती घेऊन बराच वेळ खोक्याशेजारी बसून राहिली होती.

त्याच आठवड्यात पुरुषोत्तमची आई, माई, पुण्याहून आल्या. बूट काढण्याआधी त्यांनी देव्हारा पाहिला.

"भंगलेली मूर्ती घरात ठेवायची नाही," माई म्हणाल्या. "वाहत्या पाण्यात सोडून द्यायची. हो की नाही गं?"

"ठीक आहे," मनीषा म्हणाली.

आता, देवाला पाण्यात सोडणं हे पुण्यात पाच मिनिटांचं काम. रीडिंगमध्ये मात्र पुरुषोत्तमने आधी कायदा काय म्हणतो ते पाहायचं ठरवलं आणि एका सरकारी हेल्पलाइनला फोन केला. आपल्या एका मित्राला एक लहानशी धार्मिक वस्तू नदीत ठेवायची आहे, असं तो खाकरून म्हणाला. पलीकडची बाई गोड आवाजात म्हणाली, "नक्की मदत करते, तुमचा पोस्टकोड सांगता?" पुरुषोत्तमने फोन असा ठेवला की जणू त्यातून हात बाहेर येऊन त्याची कॉलर धरणार होता. त्यानंतर दोन दिवस तो दाराची घंटा वाजली की जिन्याखाली जाऊन उभा राहत असे.

शेजारच्या मिसेस हॉब्सनी फारच सोपा उपाय सांगितला. पितळ ना? मग कौन्सिलच्या टिपवर, म्हणजे कचरा डेपोवर न्या, तिथे मेटलचा वेगळा मोठा डबा आहे, त्यात टाका. अन्नपूर्णेला भंगारात, गंजलेल्या सायकलींच्या उरावर बसवायचं, या कल्पनेने माईंना घेरी आली. त्यांना कांदा हुंगवावा लागला.

मग एका शनिवारी पुरुषोत्तम स्वतःच थेम्सवर गेला. माईंनी मूर्ती लाल खणात बांधून दिली, सोबत हळदकुंकू, अक्षता आणि नैवेद्याला दहीभाताचा डबा. बॉम्बस्फोटांनंतरची ती वर्षं अशी होती की सावळ्या माणसाने पाठीवर सॅक लावून पाण्याकाठी एकटं घुटमळत राहू नये. पुरुषोत्तम घुटमळला. लगेच पिवळ्या जाकिटातला एक गणवेशधारी जवळ येऊन म्हणाला, "सगळं ठीक आहे ना, सर?" त्या 'सर'मध्ये पुरुषोत्तमला हातकड्यांचा आवाज ऐकू आला. बदकांना खायला घालतोय, असं तो बोलून गेला, आणि मग बोलल्याला जागणं आलं. गणवेशधारी कौतुकाने बघत उभा राहिला आणि देवीचा सगळा दहीभात बदकांना गेला. मूर्ती सॅकमधून तशीच घरी आली.

"एकटा कशाला गेलास?" माधव कपाळाला हात लावून म्हणाला. "अरे, ग्रुपमध्ये कोण बघतं कुणाकडे? वेल्सला एक गायडेड टूर आहे बघ, हाफ डे. आधी डोंगर, मग जुना तुरुंग. माझ्या सासऱ्यांना नेलं होतं. मधे एका नदीच्या पुलावर फोटोला थांबवतात. सगळे फोटो काढतात, तू काम उरकून टाक. आणि पाणी कसलं आहे माहितेय? थेट डोंगरातलं!"

तुरुंगाचं नाव ऐकून पुरुषोत्तमने दुसरी एखादी टूर नाही का, असं विचारलं. पण माईंना डोंगरातलं पाणी पसंत पडलं. थेम्स त्यांच्या मते वाहत नव्हतीच, नुसती पसरली होती.

ऑक्टोबरातल्या रविवारी तिघं मोटारीने निघाले. सेव्हर्न नदीच्या पुलाअलीकडे माईंनी विचारलं, "वेल्स वेगळा देश ना रे? मग इथे पासपोर्ट बघतील?" पुरुषोत्तमने हसून नाही म्हटलं आणि पुढच्याच क्षणी त्याला घाम फुटला. खबरदारी म्हणून त्याने कौन्सिल टॅक्सचं बिल बरोबर घेतलं होतं. टोलनाक्यावरच्या बाईला त्याने पैशांबरोबर तेही पुढे केलं. तिने पैसे घेतले, बिल परत दिलं आणि 'हॅव अ लव्हली डे' म्हणाली. हा टोमणा होता की शुभेच्छा, याचा विचार तो पुढचे वीस मैल करत राहिला.

टूरची मिनीबस डोंगरातल्या एका गावाच्या चौकातून सुटायची. ग्रुपमध्ये कोण बघतं कुणाकडे, हा माधवचा सिद्धांत तिथेच कोसळला. ग्रुप म्हणजे हे तिघं, बर्मिंगहॅमचं एक म्हातारं जोडपं, दोन डच मुली आणि गळ्यात भलामोठा कॅमेरा अडकवलेला एक गृहस्थ. गाइडचं नाव मिस्टर प्रॉसर. उंचापुरा, पांढऱ्या मिशांचा, अंगात पितळी बटणांचा काळा कोट आणि कमरेला हातभर किल्ल्यांचा जुडगा. स्वतःची ओळख करून देताना तो म्हणाला, की गाइड होण्याआधी तीस वर्षं तो खऱ्या तुरुंगात वॉर्डर होता, त्यामुळे कुणाच्या मनात काय आहे ते त्याला चेहऱ्यावरून कळतं. सगळे हसले. पुरुषोत्तमने चेहरा खिडकीकडे वळवला.

"सॅक मागे ठेवू का, सर?" प्रॉसरने विचारलं.

"नो!" पुरुषोत्तम इतक्या जोरात म्हणाला की डच मुलींनी एकमेकींकडे पाहिलं.

डोंगर सुंदर होते म्हणे. पुरुषोत्तमला विचाराल तर त्याला फक्त प्रॉसरची आरशातली नजर आठवते. एका बाजूला कडा, दुसऱ्या बाजूला दरी, वर उतरत आलेलं धुकं, आणि रस्ता एवढा अरुंद की समोरून मेंढी आली तरी बस थांबायची. मेंढ्या सारख्या येतच होत्या. माई रामरक्षा म्हणत होत्या. मनीषा काचेला डोकं टेकून बाहेर बघत होती. तिला गाडी लागली असेल, असं समजून पुरुषोत्तमने तिला आवळासुपारी दिली. तिने ती घेतली आणि हातातच ठेवली.

शेवटी एकदाचा पूल आला. खाली नदी खळाळत होती. सगळे उतरले, कॅमेरे निघाले. पुरुषोत्तम कठड्याच्या टोकाला गेला, सॅक उघडली, लाल खणाची पुरचुंडी मुठीत घेतली. कॅमेरेवाल्याने फोटोत माणूस हवा म्हणून नेमका त्याच्यावरच कॅमेरा रोखला. पुरुषोत्तमने पुरचुंडी कोटाच्या खिशात कोंबली आणि दात दाखवले.

"ह्याच नदीत," प्रॉसर मागून गरजला, आणि पुरुषोत्तमचा जीव खाली पाण्यात जाऊन परत आला, "ह्याच नदीत जमीनदाराचा एक मासा धरला म्हणून एका पोराला सात वर्षं ऑस्ट्रेलियाला पाठवलं होतं. साखळदंड घालून, समुद्रापार."

"काळं पाणी," माई मनीषाला म्हणाल्या. मग त्यांनी प्रॉसरला आपल्या इंग्रजीत विचारलं, "अँड नाऊ? नाऊ इफ समबडी थ्रो समथिंग?"

पुरुषोत्तमला वाटलं, इथेच धरणी दुभंगावी. प्रॉसर गंभीर झाला. हे पाणी खालच्या तलावात जातं आणि तिथून लोकांच्या नळाला येतं, तो म्हणाला. यात कुणी काही टाकलं तर आजही फार महागात पडेल. बोलताना तो पुरुषोत्तमच्या फुगलेल्या खिशाकडे बघत होता, किंवा बघत नसेलही. पुरुषोत्तम सगळ्यांच्या आधी बसमध्ये जाऊन बसला.

तुरुंग डोंगराच्या कुशीत होता, ओल धरलेला, काळ्या दगडाचा. प्रॉसरने आधी सगळ्यांना एका कोठडीत नेलं आणि अनुभव म्हणून बाहेरून दार लावून घेतलं. डोळ्यांत बोट घातलं तरी दिसणार नाही असा अंधार. दारातल्या झरोक्यातून त्याचा आवाज तेवढा आत येत होता.

"फाशीला हे लोक भीत नसत," तो सांगत होता. "भीत ते दूर पाठवण्याला. तो माशाचा पोरगा तिकडे चार वर्षं होता. कोठडीत नव्हता हं, मोकळ्या शेतात काम करायचा. एक दिवस निरोप आला की आई गेली. तोही सहा महिन्यांनी. दार उघडं होतं हो, पण जाणार कुठे?"

अंधारात कुणीतरी श्वास आत ओढला. पुरुषोत्तमचं सगळं लक्ष कुलपाकडे होतं. ते परत उघडलं नाही तर सोमवारच्या मीटिंगचं काय, आणि गैरहजेरी अर्जाला बाधेल का, याचा तो हिशेब करत होता. त्याने चाचपून मनीषाचा हात धरला. तो बर्फासारखा गार होता. तिने तो सोडवून घेतला.

दार उघडल्यावर शेवटचा खेळ होता कोर्टाचा. प्रॉसरने डोक्यावर न्यायाधीशाचा घोड्याच्या केसांचा टोप चढवला, बर्मिंगहॅमच्या जोडप्याला आणि डच मुलींना ज्यूरी केलं आणि आरोपी निवडण्यासाठी सगळ्यांवरून नजर फिरवली. खरं तर निवडण्यासारखं काही नव्हतंच. सकाळपासून एकच माणूस गुन्हेगारासारखा वागत होता.

पुरुषोत्तमला लाकडी पिंजऱ्यात उभं केलं. "रिवाजाप्रमाणे कैद्याची झडती," असं म्हणून प्रॉसरने त्याच्या कोटावरून हात फिरवला आणि खिशातून पुरचुंडी बाहेर काढली. ती हाताला जड लागली तशी त्याच्या चेहऱ्यावरचं नाटक उतरलं. त्याने गाठ सोडली. तांदूळ सांडले, लाल आणि पिवळी पूड त्याच्या काळ्या कोटावर उडाली आणि आतून एका हाताची पितळी देवी बाहेर आली. तीस वर्षांच्या नोकरीत झडतीत असलं काही निघालं नसावं. कॅमेरेवाल्याने फोटो काढला.

त्या खटक्यासरशी पुरुषोत्तमचा बांध फुटला. मी सगळं सांगतो, तो म्हणाला, आणि खरोखरच त्याने सगळं सांगितलं. हेल्पलाइन, थेम्स, दहीभात, बदकं. आपण हे नदीत टाकणार होतो, पण टाकलेलं नाही. आपला अर्ज पेंडिंग आहे. आपल्याला आजवर पार्किंगचा एकही दंड झालेला नाही. कृपा करून पोलिसांना बोलावू नका. हातवारे करताना त्याचा चष्मा खाली पडला, तरी तो थांबला नाही. ज्यूरी टाळ्या वाजवू लागली. बर्मिंगहॅमच्या आजी नवऱ्याला म्हणाल्या, "किती सुरेख काम करतो, नाही? कंपनीचाच माणूस असणार."

प्रॉसरला वाटलं, गडी खेळात उतरला. त्याने टोप सारखा केला.

"कैदी, ही मालमत्ता तुझी आहे?"

"नो, सर!" पुरुषोत्तम घाईने म्हणाला. एवढं एक तरी आपल्या बाजूचं आहे, असं त्याला वाटलं. "माझी मुळीच नाही. बायकोची आहे."

"अस्सं! दुसऱ्याची वस्तू घेऊन तू ती नष्ट करायला निघाला होतास. मालकीण कोर्टात हजर आहे का?"

मनीषा उठली. खेळात उठावं तशी नाही उठली. तिने बाकाचा कठडा दोन्ही हातांनी धरला होता.

"बाई, ही वस्तू तुम्ही ह्याला दिलीत?"

"नाही," मनीषा इंग्रजीत म्हणाली. "मला कुणी विचारलंच नाही."

आणि मग ती मराठीत बोलायला लागली, कारण पुढचं तिला इंग्रजीत येत नसावं. "आईचं दहावं-तेरावं चाललं होतं तेव्हा मी ऑफिसात बसून सॉफ्टवेअरचं टेस्टिंग करत होते, पुरू. तिकडे सगळं उरकलं आणि मी इकडे डिफेक्ट क्लोज करत होते. मी ठीक आहे म्हटलं, कारण तुझा चेहरा बघवत नव्हता. तिच्या हातचं एवढं एक माझ्याजवळ राहिलंय. त्याचा हात मोडला म्हणून तेही पाण्यात टाकायचं? आणि तेसुद्धा चोरून, कुणी बघत नाही ना ते पाहून?"

कोर्टात कुणाला एक अक्षर कळलं नाही, पण टाळ्या थांबल्या. डच मुलींपैकी एकीने डोळे पुसले. प्रॉसरने टोप काढून हातात घेतला.

पुरुषोत्तम पिंजऱ्यात उभा होता. चार महिने तो घरात या बाईसमोर बसून जेवला होता आणि सतत दाराकडे बघत होता, कोण येतंय म्हणून. आता त्याला खरी भीती वाटली. ती पोलिसांची नव्हती. हिने यापुढे आपल्याला कधी काही सांगितलंच नाही तर, याची ती भीती होती, आणि तिच्यापुढे आधीच्या सगळ्या भीत्या पोरखेळ होत्या.

सगळ्यात आधी माई हलल्या. बाकावरून उतरून त्या सांडलेल्या अक्षता वेचायला लागल्या. "अगं, मग बोलायचं नाहीस का?" त्या खाली बघतच म्हणाल्या.

"तुम्ही हो की नाही असं विचारलंत, माई. नाही म्हणायची सोय कुठे होती?"

माईंनी अक्षता ओच्यात घेतल्या. त्यांनी प्रॉसरच्या हातून मूर्ती घेतली, पदराने पुसली आणि उलटसुलट करून पाहिली. धर्मशास्त्र आणि सून यांच्यात त्यांची थोडी ओढाताण झाली, ती चेहऱ्यावर दिसली. मग त्या म्हणाल्या, "देव्हाऱ्यात नको, ते काही मला पटायचं नाही. तांदळाच्या डब्यात ठेव हिला. पळी मोडली म्हणून जेवू घालायचं थांबते की काय कुठली आई? दे गं कुणीतरी ते फडकं." मूर्ती त्यांनी मनीषाच्या हातात दिली आणि तिच्या पाठीवरून हात फिरवला. तो ओबडधोबडच फिरला, कारण त्यांना सवय नव्हती.

ज्यूरीने पुरुषोत्तमला एकमताने दोषी ठरवलं. प्रॉसरने शिक्षा काही सुनावली नाही. त्याने पिंजऱ्याचं दार उघडलं, खाली पडलेला चष्मा उचलून दिला आणि हळूच म्हणाला, "जा, आधी तिच्याकडे जा."

परतीच्या वाटेवर बसमध्ये मनीषा मूर्ती मांडीवर घेऊन बसली. धुकं उतरून रस्ता दिसेनासा झाला होता. पुरुषोत्तम मनीषाच्या शेजारी बसला.

"आपण पासपोर्ट परत मागवू या," तो म्हणाला.

मनीषाने त्याच्याकडे पाहिलं. "आणि अर्ज?"

"परत करू."

"रूल बदलला तर? नाहीच झालं परमनंट, तर?"

याच प्रश्नाने पुरुषोत्तमला चार महिने झोपू दिलं नव्हतं. "तर परत जाऊ," तो म्हणाला. "मला भीती वाटतेय, मनीषा. खूप वाटतेय. पण तू जाऊन ये. अप्पा एकटे आहेत."

बस दरी ओलांडून खाली आली आणि मोबाइलला रेंज मिळाली, तसा तिने मिरजेला फोन लावला. तिकडे संध्याकाळ झाली होती. अप्पांचा आवाज एवढा चढा असायचा की शेजारी बसलेल्या पुरुषोत्तमलाही सगळं ऐकू येत होतं.

"अप्पा, मी येतेय," मनीषा म्हणाली.

"का गं? काय झालं?" अप्पा घाबरून ओरडले. "तब्येत बरी आहे ना? पुरुषोत्तमरावांची नोकरी गेली का? व्हिसाचं काही झालं? अगं बोल ना, जीव टांगणीला लागलाय माझा!"

मनीषाला हसू आलं आणि हसता हसता रडू आलं. काही केल्या बोलता येईना, तेव्हा तिने फोन पुरुषोत्तमच्या हातात दिला.

"काही झालेलं नाही, अप्पा," पुरुषोत्तम म्हणाला. "तिला तुम्हाला भेटायचंय, म्हणून येतेय."

पलीकडे अप्पांनी नाक शिंकरलं आणि विचारलं, "किती दिवस राहील?"

"राहील तितके दिवस राहू दे," पुरुषोत्तम म्हणाला.